पु.ल. देशपांडे : एकपात्री रंगभूमी आणि प्रायोगिक दूरचित्रवाणी

पुरुषोत्तम लक्ष्मण देशपांडे ऊर्फ पु.ल. देशपांडे (जन्म : गावदेवी, मुंबई, ८ नोव्हेंबर १९१९, मृत्यू : पुणे, १२ जून २०००) हे मराठी लेखक, नाटककार, नट, संगीतकार, हार्मोनियमवादक, चित्रपट-दिग्दर्शक आणि एकपात्री प्रयोगकार होते. मराठी वाचक त्यांना प्रामुख्याने विनोदी लेखक म्हणून ओळखतात. भारतात १९५९ साली सुरू झालेल्या प्रायोगिक दूरचित्रवाणी सेवेचे ते पहिले निर्माते होते, ही बाब त्या मानाने कमी परिचित आहे. शासकीय नोकरीतील हे स्थान सोडून ते रंगभूमीकडे परतले आणि 'बटाट्याची चाळ' या प्रयोगाने त्यांनी एकट्या नटाच्या बळावर उभ्या राहणाऱ्या खेळाला मराठीत व्यावसायिक प्रतिष्ठा मिळवून दिली. प्रस्तुत लेखात त्यांच्या चरित्राचा आढावा मुख्यतः प्रयोगकला आणि प्रसारमाध्यमे यांच्या अंगाने घेतला आहे.

बालपण आणि शिक्षण

पु.लं.चा जन्म मुंबईतील गावदेवी भागातील कृपाळ हेमराज चाळीत झाला. वडिलांचे नाव लक्ष्मण त्र्यंबक आणि आईचे नाव लक्ष्मीबाई. आईचे वडील वामन मंगेश दुभाषी हे 'ऋग्वेदी' या नावाने लेखन करीत. रवींद्रनाथ ठाकुरांच्या 'गीतांजली'ला त्यांनी मराठी अभंगांचे रूप दिले होते. पुढे पन्नाशीच्या सुमारास पु.ल. बंगाली शिकण्यासाठी शांतिनिकेतनात जाऊन राहिले. त्या ओढीचे मूळ आजोबांच्या या संस्कारात दिसते.

कुटुंब काही काळ जोगेश्वरीच्या सरस्वतीबागेत राहिले व नंतर विलेपार्ले येथे स्थायिक झाले. पु.लं.चे शालेय शिक्षण पार्ले टिळक विद्यालयात झाले. इस्माइल युसूफ महाविद्यालयानंतर त्यांनी मुंबईच्या शासकीय विधी महाविद्यालयातून एल्‌एल.बी. ही पदवी घेतली. पुण्याच्या फर्ग्युसन महाविद्यालयातून ते बी.ए. झाले आणि सांगलीच्या विलिंग्डन महाविद्यालयातून एम.ए. झाले. शाळेत असतानाच भास्कर संगीतालयाचे दत्तोपंत राजोपाध्ये यांच्याकडे ते हार्मोनियम शिकले. नकला करणे, पेटी वाजवणे आणि प्रसंगी स्वतः चाल बांधून गाणे हे तिन्ही छंद त्यांना या काळात जडले. पुढील एकपात्री प्रयोगांत हीच त्यांची मुख्य सामग्री ठरली.

शिक्षणानंतर त्यांनी मुंबईत ओरिएंट हायस्कूलमध्ये शिक्षक म्हणून, तर बेळगावच्या राणी पार्वतीदेवी महाविद्यालयात व मुंबईच्या कीर्ती महाविद्यालयात प्राध्यापक म्हणून काम केले. १२ जून १९४६ रोजी रत्नागिरी येथे सुनीता ठाकूर यांच्याशी त्यांचा विवाह झाला. सुनीताबाई स्वतः शिक्षिका, अभिनेत्री आणि लेखिका होत्या. प्रयोगांचे नियोजन, हिशेब, तिकिटविक्रीची शिस्त आणि रंगमंचामागील व्यवस्था त्या पाहत. पु.लं.च्या एकपात्री म्हणवल्या जाणाऱ्या प्रयोगांमागे असे दुसरे माणूस सतत उभे होते. या सहजीवनाविषयी सुनीताबाईंनी 'आहे मनोहर तरी' या पुस्तकात मोकळेपणाने लिहिले आहे.

संगीत आणि चित्रपट

१९४०च्या दशकात पु.ल. भावगीत-गायक व संगीतकार म्हणून पुढे आले. नागपूरचे कवी राजा बढे यांच्या एका गीताला त्यांनी दिलेली आणि ज्योत्स्ना भोळे यांनी गायिलेली चाल विशेष लोकप्रिय झाली. १९४७च्या 'कुबेर' या चित्रपटातून ते पडद्यावर आले. पुढील सहा वर्षांत 'वंदे मातरम्', 'पुढचं पाऊल', 'देवबाप्पा', 'दूधभाकरी' आदी चित्रपटांसाठी त्यांनी अभिनय, लेखन किंवा संगीत यांपैकी एक वा अधिक जबाबदाऱ्या सांभाळल्या.

१९५३ साली प्रदर्शित झालेल्या 'गुळाचा गणपती'ची कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि प्रमुख भूमिका ही सर्व कामे त्यांची होती. ग.दि. माडगूळकरांनी लिहिलेला व भीमसेन जोशींनी गायिलेला या चित्रपटातील अभंग आजही ऐकला जातो. या यशानंतर मात्र पु.लं.नी चित्रपटक्षेत्राकडे जवळजवळ पाठ फिरवली. एखाद्या माध्यमात जम बसल्यावर ते सोडून दुसरीकडे वळणे हे त्यांच्या आयुष्यात पुनःपुन्हा घडले. चित्रपट हे त्याचे पहिले ठळक उदाहरण होय.

आकाशवाणीतील काळ

१९५५ साली पु.ल. आकाशवाणीच्या सेवेत दाखल झाले. त्या काळात बा.वि. केसकर हे केंद्रीय माहिती व नभोवाणी मंत्री होते. साहित्य, संगीत व नाट्य या क्षेत्रांतील नामवंतांना निर्माते म्हणून नेमण्याचे धोरण आकाशवाणीने याच सुमारास स्वीकारले. पु.लं.नी श्रुतिका, भाषणे आणि संगीत कार्यक्रमांची निर्मिती केली. केवळ आवाजावर पात्र उभे करण्याची श्रुतिकेची कला त्यांनी येथे जवळून हाताळली.

या नोकरीत एक विसंगतीही होती. पु.लं.चे आवडते वाद्य हार्मोनियम. पण भारतीय संगीतातील श्रुती व मींड या वाद्यातून निघत नाहीत, या कारणास्तव नभोवाणीने १९४० पासून त्यावर बंदी घातली होती. ही बंदी सुमारे तीन दशके टिकली. मैफलीत ज्या वाद्याची साथ उत्तम गायक मागून घेत, ते वाद्य वाजवणारा हा कलावंत ज्या संस्थेत अधिकारी होता तेथे त्या वाद्याला प्रवेश नव्हता. एका कचेरीने घेतलेला निर्णय देशभरातील श्रोत्यांच्या कानांवर कसा परिणाम करतो, याचा हा नमुना त्यांच्या रोजच्या परिचयाचा होता.

नोकरीच्या याच वर्षांत त्यांचे नाट्यलेखनही चालू होते. गोगोलच्या नाटकावर आधारलेले 'अंमलदार' त्यापूर्वीच रंगभूमीवर आले होते. १९५७ साली आलेले 'तुझे आहे तुजपाशी' हे त्यांचे स्वतंत्र नाटक मराठी रंगभूमीवरील दीर्घकाळ चाललेल्या नाटकांपैकी एक ठरले. त्यानंतर 'सुंदर मी होणार' हे नाटक आले.

परदेशातील प्रशिक्षण

भारतात दूरचित्रवाणी सुरू करण्याची तयारी चालू असताना पु.लं.ची निवड बी.बी.सी.मधील प्रशिक्षणासाठी झाली. १९५८ साली ते सुनीताबाईंसह बोटीने इंग्लंडला गेले. त्यानंतर त्यांनी फ्रान्स व पश्चिम जर्मनी येथेही काही काळ घालवला. या प्रवासावरील 'अपूर्वाई' हे पुस्तक मराठी प्रवासवर्णनातील मैलाचा दगड मानले जाते. वाचकांच्या स्मरणात त्यातील विनोद राहिला. परंतु या प्रवासाचे मूळ प्रयोजन एका नव्या माध्यमाचे तंत्र शिकून येणे हे होते.

ब्रिटनमध्ये त्या सुमारास दूरचित्रवाणी घरोघर पोहोचली होती. सार्वजनिक निधीवर चालणाऱ्या बी.बी.सी.समोर १९५५ पासून जाहिरातींवर चालणारी दुसरी वाहिनी स्पर्धेत उतरली होती. दूरचित्रवाणी कोणाच्या पैशावर आणि कोणाच्या नियंत्रणाखाली चालावी, हा प्रश्न तेथे उघडपणे चर्चिला जात होता. भारतात या प्रश्नाचे उत्तर आधीच ठरले होते. येथील सेवा शासनाच्या आकाशवाणी खात्याचा एक विभाग म्हणूनच सुरू होणार होती.

दिल्लीतील प्रायोगिक दूरचित्रवाणी

१५ सप्टेंबर १९५९ रोजी राष्ट्रपती डॉ. राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते दिल्लीत दूरचित्रवाणीच्या प्रायोगिक सेवेचे उद्घाटन झाले. आकाशवाणी भवनात तात्पुरता स्टुडिओ उभारण्यात आला होता. प्रक्षेपकाची शक्ती अल्प असल्याने चित्र दिल्ली आणि तिच्या लगतच्या परिसरापुरतेच दिसे. प्रक्षेपण आठवड्यातून दोन दिवस आणि तेही थोडा वेळ होत असे. युनेस्कोने या प्रयोगासाठी २०,००० डॉलरचे साहाय्य दिले होते.

आज ज्याला दूरचित्रवाणी म्हणतात त्याहून ही सेवा स्वरूपाने वेगळी होती. दूरचित्रवाणी संच खाजगी घरांत जवळजवळ नव्हतेच. दिल्ली व आसपासच्या वस्त्यांतील सामुदायिक केंद्रांत सुरुवातीस २१ संच बसवण्यात आले आणि प्रेक्षकांची दूरचित्रवाणी मंडळे स्थापन करण्यात आली. मंडळातील सभासदांनी एकत्र बसून कार्यक्रम पाहावा, त्यावर चर्चा करावी आणि आपले मत कळवावे, अशी योजना होती. आरोग्य, वाहतुकीचे नियम, नागरिकांची कर्तव्ये असे विषय कार्यक्रमांत असत. जाहिराती नव्हत्या. समाजशिक्षणासाठी हे माध्यम किती उपयोगी पडेल, हे अजमावणे हा प्रयोगाचा हेतू होता. १९६१ साली त्याला शालेय पाठांच्या प्रक्षेपणाची जोड मिळाली आणि दैनंदिन सेवा १९६५ साली सुरू झाली.

या सेवेचे पहिले निर्माते म्हणून पु.लं.नी काम केले. पंतप्रधान पंडित जवाहरलाल नेहरू यांची भारतीय दूरचित्रवाणीसाठी पहिली मुलाखत घेण्याचा मान त्यांच्याकडे जातो. आरंभीच्या काळात कार्यक्रम बहुतांशी थेट प्रक्षेपित होत. कॅमेऱ्यासमोर झालेली चूक सुधारण्याची सोय नसे आणि यशस्वी झालेला कार्यक्रमही पुन्हा दाखवता येत नसे. त्या अर्थाने या स्टुडिओतील काम चित्रपटापेक्षा रंगभूमीला जवळचे होते. नाटकाच्या प्रयोगाप्रमाणे कार्यक्रम त्या क्षणी घडे आणि त्याच क्षणी संपे. फरक इतकाच की प्रेक्षकांचा प्रतिसाद स्टुडिओत ऐकू येत नसे. प्रेक्षागृहातील हशा, शांतता आणि चुळबुळ यांवर आपली गती ठरवणाऱ्या नटाला हा फरक लहान नव्हता.

व्यापक संदर्भ

दूरचित्रवाणीच्या पहिल्या दोन दशकांत अनेक देशांतील कलावंतांनी या माध्यमाच्या शक्यता तपासून पाहिल्या. पु.लं.च्याच वर्षी जन्मलेला अमेरिकी विनोदवीर अर्नी कोव्हॅक्स याने १९५०च्या दशकात कॅमेऱ्याच्या युक्त्या वापरून विनोदाचा एक नवाच प्रकार रूढ केला. कोरियात जन्मलेला कलावंत नाम जून पाइक याने १९६३ साली पश्चिम जर्मनीतील वुपर्टाल येथे दूरचित्रवाणी संचांतील चित्रात मुद्दाम बिघाड घडवून त्यांचे प्रदर्शन मांडले. पुढे न्यूयॉर्कमध्ये १९७०च्या दशकाच्या आरंभी केबलवरील काही वाहिन्या सामान्य नागरिकांना व कलावंतांना खुल्या झाल्या आणि तेथून पर्यायी दूरचित्रवाणीची चळवळ वाढली.

या कलावंतांचे बंड मुख्यतः जाहिरातदारांच्या पैशावर चालणाऱ्या वाहिन्यांविरुद्ध होते. दिल्लीतील प्रयोग बाजारापासून पूर्णपणे मुक्त होता. परंतु तो शासनाच्या अधीन होता. पाश्चात्त्य कलावंत ज्या सामुदायिक व अव्यावसायिक दूरचित्रवाणीसाठी झगडत होते तिचे एक रूप दिल्लीत शासनानेच उभे केले होते, मात्र त्यात कलावंताच्या स्वेच्छेला मर्यादित वाव होता. पु.लं.च्या पुढील निर्णयाकडे या पार्श्वभूमीवर पाहावे लागते.

नोकरीचा त्याग आणि 'बटाट्याची चाळ'

दूरचित्रवाणीचे काम हाती असतानाच पु.लं.च्या मनात एकपात्री प्रयोगाची कल्पना आकार घेत होती. गिरगावातील एका काल्पनिक चाळीचे चित्रण करणारे 'बटाट्याची चाळ' हे त्यांचे पुस्तक १९५८ साली प्रसिद्ध झाले होते. दिल्लीतील नोकरी सोडून त्यांनी या पुस्तकाचा रंगमंचीय प्रयोग १९६१ साली सुरू केला. स्थिर वेतन, दिल्लीतील पद आणि देशातील एका नव्या माध्यमाचे अग्रस्थान यांचा त्यांनी त्याग केला. त्या बदल्यात त्यांनी स्वीकारले ते दर प्रयोगाला नव्याने प्रेक्षक जमवावे लागणारे, एकट्याच्या श्वासावर अवलंबून असलेले काम. एक नट अडीच-तीन तास प्रेक्षागृह खिळवून ठेवील आणि लोक त्यासाठी तिकीट काढून येतील, याची खात्री त्या वेळी कोणी देऊ शकत नव्हते.

प्रयोग कमालीचा यशस्वी झाला. त्यात चाळीतील अण्णा पावशे, नागूतात्या आढ्ये, कोचरेकर मास्तर, एच्च. मंगेशराव, त्रिलोकेकर, राघूनाना सोमण, बाबा बर्वे अशी असंख्य पात्रे पु.ल. एकटेच उभी करीत. रंगभूषा किंवा वेषभूषा न बदलता केवळ आवाज, उच्चार, मानेचा कल आणि चालण्याची ढब यांतून माणूस बदले. चाळीतील गच्चीचे आंदोलन, उपवासाचे प्रयोग, भ्रमणमंडळ असे विषय हसवत हसवत पुढे जातात आणि अखेरीस चाळ ओस पडत जाण्याच्या चिंतनाशी खेळ थांबतो. मुंबईतील कनिष्ठ मध्यमवर्गाचे सामुदायिक जीवन मोडत असतानाच त्याची ही नोंद झाली. त्यामुळे विनोदापलीकडे सामाजिक दस्तऐवज म्हणूनही या कृतीचे मूल्य आहे.

प्रयोगाचे तंत्र

एकट्याने अनेक भूमिका वठवण्याची परंपरा महाराष्ट्राला नवी नव्हती. बहुरूपी वेगवेगळी सोंगे घेऊन दारोदार जात. कीर्तनकार उत्तररंगात आख्यान लावताना राजा, दासी, ऋषी, राक्षस असे सर्वांचे संवाद स्वतःच बोलतो, मध्येच गातो आणि समोरच्या श्रोत्याला उद्देशून टोलाही मारतो. पु.लं.च्या प्रयोगाचा सांगाडा कीर्तनाशी जुळतो. त्यात निवेदन, नाट्य, संगीत आणि भाष्य ही चारही अंगे आहेत. त्यांनी केलेला मूलभूत बदल असा की आख्यानाच्या जागी पुराणकथा न ठेवता त्यांनी शेजारच्या बिऱ्हाडातील माणूस ठेवला.

आकाशवाणीचा अनुभवही येथे उपयोगी पडला. श्रुतिकेत एका वाक्यात पात्र ओळखू यावे लागते. तोच नियम पु.लं.नी रंगमंचावर पाळला. कोकणी, कारवारी, पाठारे प्रभू, देशावरची अशा मराठीच्या निरनिराळ्या उच्चारपद्धती त्यांनी काटेकोरपणे वेगळ्या ठेवल्या. पात्राची चेष्टा करतानाही ते त्याला तुच्छ लेखत नसत. ज्यांच्यावर विनोद केला त्या समाजांतील प्रेक्षकही या प्रयोगांना गर्दी करीत, याचे कारण यातच आहे.

अन्य रंगमंचीय निर्मिती

'बटाट्याची चाळ'नंतर 'वाऱ्यावरची वरात' आणि 'असा मी असामी' हे प्रयोग आले. 'वाऱ्यावरची वरात'मध्ये श्रीकांत मोघे, सुनीताबाई आणि अन्य कलावंतांचा सहभाग होता. ठरीव कथानकाऐवजी प्रहसने, गाणी आणि निवेदन यांची सैल गुंफण हे त्याचे वैशिष्ट्य होते. हे प्रयोग ऐन बहरात असतानाच पु.ल. व सुनीताबाईंनी थांबवले. मागणी आहे म्हणून खेळ चालू ठेवण्याची सवय त्यांनी स्वतःला लावून घेतली नाही.

१९७५ साली बर्नार्ड शॉच्या नाटकावर बेतलेले 'ती फुलराणी' रंगभूमीवर आले. त्यातील मंजुळेची भूमिका करणाऱ्या भक्ती बर्वे या मुंबई दूरदर्शनवरही निवेदिका म्हणून परिचित होत्या. ब्रेख्तच्या संगीतिकेचे 'तीन पैशाचा तमाशा' हे मराठी रूप १९७८ साली पुण्याच्या थिएटर अकॅडमीने जब्बार पटेल यांच्या दिग्दर्शनाखाली सादर केले. साठीच्या उंबरठ्यावरील लोकप्रिय लेखकाने तरुणांच्या प्रायोगिक संस्थेसाठी केलेले हे लेखन त्यांच्या प्रयोगशीलतेची साक्ष देते. मुंबईच्या राष्ट्रीय प्रयोगकला केंद्राचे मानद संचालक म्हणूनही त्यांनी काम पाहिले.

आणीबाणी आणि प्रसारमाध्यमे

२५ जून १९७५ रोजी देशात आणीबाणी घोषित झाली. वृत्तपत्रांवर पूर्वनियंत्रण आले. आकाशवाणी व दूरचित्रवाणी तर शासनाच्याच हाती होत्या. विरोधी मताला तेथे स्थान उरले नाही. याच काळात, १ एप्रिल १९७६ रोजी, दूरचित्रवाणी आकाशवाणीपासून वेगळी होऊन दूरदर्शन हे स्वतंत्र खाते झाले. समाजशिक्षणाचे साधन म्हणून पु.लं.नी ज्या सेवेचा आरंभ केला होता ती सतरा वर्षांच्या आत सत्ताधाऱ्यांच्या प्रचाराचे साधन बनली होती.

१९७४च्या इचलकरंजी येथील मराठी साहित्य संमेलनाचे पु.ल. अध्यक्ष होते. त्यांच्यानंतर अध्यक्ष झालेल्या दुर्गा भागवत यांनी १९७५ साली कऱ्हाडच्या संमेलनात आणीबाणीविरुद्ध निर्भय भूमिका घेतली. पु.लं.नीही लेखनस्वातंत्र्याची बाजू घेतली. जयप्रकाश नारायण यांच्या कारावासातील दैनंदिनीचा त्यांनी मराठी अनुवाद केला. १९७७च्या लोकसभा निवडणुकीत ते जनता पक्षाच्या प्रचारसभांत बोलले. राजकारणाशी एरवी अंतर राखणारा हा कलावंत एकटाच ध्वनिक्षेपकासमोर उभा राही आणि हजारोंचा समुदाय त्याला ऐके. शासकीय माध्यमे बंदिस्त असताना मैदानातील व्यासपीठ हेच पर्यायी प्रसारमाध्यम झाले होते आणि एकपात्री प्रयोगातून कमावलेले कौशल्य तेथे कामी आले.

या सहभागावर टीकाही झाली. विनोदी लेखकाने राजकारणात पडू नये असे म्हणणारे होते. निवडणुकीनंतर सत्तांतर झाले, तेव्हा पु.लं.नी कोणतेही राजकीय पद स्वीकारले नाही व ते पुन्हा लेखनाकडे वळले. आणीबाणीतील माध्यमांच्या गैरवापराविषयी नव्या शासनाने १९७७ साली श्वेतपत्रिका काढली. आकाशवाणी व दूरदर्शन यांना स्वायत्तता देणारा प्रसार भारती कायदा १९९० साली संमत झाला व त्याची अंमलबजावणी १९९७ साली, पु.लं.च्या हयातीतच, सुरू झाली.

पडद्यावरील पुनरागमन

मुंबई दूरदर्शन केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झाले. १९८०च्या दशकात लघुशक्ती प्रक्षेपकांचे जाळे पसरल्यावर दूरचित्रवाणी राज्याच्या अन्य भागांत पोहोचली. पु.लं.च्या प्रयोगांची ध्वनिमुद्रणे व चित्रमुद्रणे पुढे उपलब्ध झाली आणि ज्या पिढीने त्यांना रंगमंचावर पाहिले नव्हते तिला ते पडद्यावर भेटले. स्वतः निर्माते असताना केलेले थेट कार्यक्रम हवेत विरून गेले. रंगमंचावरील प्रयोगही क्षणभंगुरच. पण ते मुद्रणामुळे टिकून राहिले. ज्या माध्यमाकडे त्यांनी पाठ फिरवली होती त्यानेच त्यांच्या एकपात्री कलेचे जतन केले. रिकामा रंगमंच, एक नट आणि समोर हसणारा प्रेक्षकवर्ग एवढेच साहित्य असलेली ही मुद्रणे पाहताना प्रेक्षकांचा प्रतिसाद हा प्रयोगाचाच एक भाग असल्याचे लक्षात येते.

विदर्भाशी ऋणानुबंध

विदर्भातील अनेक कलावंतांशी व संस्थांशी पु.लं.चा निकटचा संबंध होता. गायक-नट डॉ. वसंतराव देशपांडे हे त्यांचे जिवलग मित्र. वसंतरावांचा जन्म १९२० साली मूर्तिजापूर येथे झाला आणि नागपूरला शंकरराव सप्रे यांच्याकडे त्यांचे संगीतशिक्षण झाले. वसंतरावांच्या गायकीचे मर्म उलगडून सांगणारे लेखन पु.लं.नी केले आणि त्यांना हार्मोनियमची साथही केली. नागपूरमधील शासकीय सभागृहाला आज वसंतरावांचे नाव आहे.

बाबा आमटे यांनी चंद्रपूर जिल्ह्यातील वरोरा येथे कुष्ठरुग्णांसाठी उभारलेल्या आनंदवनावर पु.ल. व सुनीताबाई यांचा विशेष लोभ होता. तेथील मित्रमेळाव्यांना ते जात, तेथील कलावंतांचे कौतुक करीत आणि संस्थेला साहाय्य करीत. नागपूर, अमरावती, अकोला येथील वाचक-श्रोत्यांपर्यंत पु.ल. दीर्घकाळ पोहोचले ते मुख्यतः पुस्तके, आकाशवाणी आणि ध्वनिमुद्रिका यांतून. दूरचित्रवाणी या भागात बरीच उशिरा आली.

पु.ल. देशपांडे प्रतिष्ठान

प्रयोग आणि पुस्तके यांतून मिळालेल्या उत्पन्नाचा मोठा वाटा पु.ल. व सुनीताबाईंनी १९६०च्या दशकात स्थापन केलेल्या पु.ल. देशपांडे प्रतिष्ठानमार्फत समाजकार्यासाठी दिला. डॉ. अनिता व डॉ. अनिल अवचट यांनी १९८६ साली पुण्यात सुरू केलेल्या मुक्तांगण व्यसनमुक्ती केंद्राच्या उभारणीस या देणगीचा आधार मिळाला. ग्रंथालये, नाट्यसंस्था आणि विज्ञानप्रसाराचे उपक्रम यांनाही प्रतिष्ठानने मदत केली. देणगीचा गाजावाजा होऊ नये, याविषयी दोघेही दक्ष असत.

सन्मान

पु.लं.ना १९६५ साली 'व्यक्ती आणि वल्ली' या व्यक्तिचित्रसंग्रहासाठी साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी ते नांदेड येथील नाट्यसंमेलनाचे अध्यक्ष होते. पद्मश्री (१९६६), संगीत नाटक अकादमी पुरस्कार (१९६७), संगीत नाटक अकादमीची फेलोशिप (१९७९), कालिदास सन्मान (१९८७) आणि पद्मभूषण (१९९०) हे अन्य प्रमुख सन्मान होत. साहित्य आणि प्रयोगकला अशा दोन्ही राष्ट्रीय अकादम्यांचे पुरस्कार लाभलेल्या मोजक्या मराठी लेखकांत त्यांचा समावेश होतो.

महाराष्ट्र शासनाचा पहिला महाराष्ट्रभूषण पुरस्कार १९९६ साली त्यांना देण्यात आला. पुरस्काराच्या निमित्ताने त्यांनी राज्यातील वाढत्या दंडेलीच्या प्रवृत्तीविषयी नापसंती व्यक्त केली. शिवसेनाप्रमुख बाळ ठाकरे यांनी त्यावर जाहीर टीका केल्याने मोठा वाद झाला. पुरस्कार देणाऱ्या शासनालाही चार शब्द सुनावण्याची त्यांची वृत्ती आणीबाणीनंतर वीस वर्षांनीही बदलली नव्हती.

अखेरचा काळ आणि वारसा

उत्तरायुष्यात पु.लं.ना कंपवाताने ग्रासले. ज्या हातांनी पेटीवर चाली बांधल्या आणि रंगमंचावर शेकडो पात्रे उभी केली त्या हातांवरील ताबा हळूहळू सुटत गेला. १२ जून २००० रोजी, विवाहाच्या चोपन्नाव्या वाढदिवशी, पुण्यात त्यांचे निधन झाले. सुनीताबाईंचे निधन ७ नोव्हेंबर २००९ रोजी झाले.

मुंबईच्या प्रभादेवी भागातील राज्य शासनाच्या कला अकादमीस आणि पुण्यातील जपानी शैलीच्या उद्यानास पु.लं.चे नाव देण्यात आले आहे. त्यांच्या जीवनावरील 'भाई : व्यक्ती की वल्ली' हा महेश मांजरेकर दिग्दर्शित चित्रपट २०१९ साली दोन भागांत प्रदर्शित झाला.

एकपात्री प्रयोगाची जी वाट 'बटाट्याची चाळ'ने रुंद केली तिच्यावरून पुढे अनेक कलावंत गेले. लक्ष्मण देशपांडे यांचा 'वऱ्हाड निघालंय लंडनला' हा प्रयोग त्यांपैकी सर्वाधिक गाजला. शाळा-महाविद्यालयांच्या स्नेहसंमेलनांत पु.लं.चे उतारे सादर करण्याची प्रथा आजही चालू आहे. भारतीय दूरचित्रवाणीच्या इतिहासात त्यांचे नाव पहिल्या निर्मात्याच्या नोंदीपुरते येते. रंगभूमीच्या इतिहासात मात्र त्यांच्यासाठी स्वतंत्र प्रकरण लागते. या दोन इतिहासांच्या मध्ये १९६१ साली दिल्लीतील नोकरी सोडण्याचा त्यांचा निर्णय उभा आहे.